फाटलेला मांडा

कॅमेरा सुरू झाला की आई हिंदीत बोलायची. इस्त्रीची साडी नेसून, खुर्चीवर ताठ बसून सांगायची, "मेरा बचपन निंबोला में बीता. वहाँ केले की खेती होती है." जणू कुणी हिंदी बोलणारे साहेब गावाच्या पाहणीला आलेत.

"आई, माझ्याशी बोलतेस तसं बोल ना."

"तुझ्याशीच बोलायचं तर हे डबडं मधी कशाला ठेवलं?"

मी तिच्या लहानपणावर फिल्म करत होते. तिची आई, म्हणजे माझी आजी, माझ्या जन्माआधीच गेली. तिचा एकही फोटो नाही. ती कशी होती हे सांगणारं आता फक्त आईच होती, आणि मला ते आईच्या रोजच्या आवाजात हवं होतं. माझं शिक्षण इंग्रजी शाळेत झालं, त्यामुळे मी प्रश्न मनात घोटून, शुद्ध मराठीत विचारायचे. तसा प्रश्न आला की आई पदर सावरायची आणि पुन्हा हिंदी सुरू.

आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, ती मागच्या अंगणात पुरणाचे मांडे करायला बसली. चुलीवर मातीचं खापर उपडं तापत होतं. मी कॅमेरा स्टँडवर लावला आणि आज काही विचारायचं नाही असं ठरवलं. आईच्या हातांवर मांडा फिरत फिरत पार कोपरापर्यंत पसरला. आतलं पुरण दिसत होतं, पण मांडा कुठे फाटत नव्हता.

"पाहू काय राहिली? हात धू अन् ये."

मला कॅमेऱ्यासमोर जायचं नव्हतं. मागे उभं राहता येतं म्हणूनच तर मी कॅमेरा हातात घेतला होता. पण ती थांबली होती. मी गेले.

माझा मांडा हातावरच फाटला. पुरण मनगटावरून थेट राखेत.

आई हसायला लागली. "बिल्कुल माझ्यासारखी व. मी पण पहिला असाच फाडला होता. पाहुणे पाटावर बसेल होते, अन् माझं पुरण चुलीत. माझी आजी वरडली, 'पोरीले काही शिकवलं का नाही?' तर माय म्हणे, 'मीच फाडला, डोळ्यात धूर गेला.' अन् मले हळूच डोळा मारला. मग तो फाटका मांडा तिनंच खाल्ला."

तिकडे कॅमेरा चालूच होता.

एडिटिंग करताना मी स्वतःला काढायचा खूप प्रयत्न केला. जमेना. आई ते मला सांगत होती. मी गेले की तिचं सांगणंही जायचं. शेवटी मी राहू दिलं.

आत्याच्या घरी टीव्हीवर फिल्म दाखवली. मी दाराशी उभी होते. शेजारच्या काकूंनी विचारलं, "मांडा फाडणारी ही कोण व?"

"माझी पोरगी," आई म्हणाली. "तिनंच बनवली फिल्म. मांडा फाडणं आमच्या घराण्यातच आहे."

सगळे वळून माझ्याकडे बघायला लागले. एरवी मी स्वयंपाकघरात निघून गेले असते.

"तेवढं परत लाव," आईनं रिमोट पुढे केला. "मायनं डोळा मारला ते."

मी परत लावलं आणि तिच्या शेजारी बसले.