पुढची लिफ्ट

‘‘बाई, तुमची लिफ्ट मागे आहे. बोर्ड वाचता येतो, की तोही आम्हीच वाचून दाखवायचा?’’

सोसायटीचे सेक्रेटरी बोलत होते. घरकामाला येणाऱ्यांनी मागची लिफ्ट वापरावी, असा बोर्ड तिथं होता. मी आरसा लावलेल्या पुढच्या लिफ्टमध्ये उभी. अंगावर आईची कामावरची साडी, पदर कमरेला खोचलेला. कोपऱ्यात माझा कॅमेरा चालू. मी व्हिडिओ आणि परफॉर्मन्स करते. सोसायटीच्या कलामहोत्सवाला मला रीतसर बोलावलं होतं. संध्याकाळभर या लिफ्टमध्ये गप्प उभं राहायचं, येणारी माणसं माझ्याकडे कशी बघतात ते टिपायचं. तशी पाटीही बाहेर लावली होती. पाटी कुणी वाचली नाही. साडी सगळ्यांना दिसली. एकीनं आत येता येता नाकाला रुमाल लावला. साडी सकाळीच धुतली होती.

मी म्हणाले, ‘‘मी आर्टिस्ट आहे. परवानगी आहे माझ्याकडे.’’

‘‘परवानगी आर्टिस्टला दिलीय. कपडे बदलून या, मग खुशाल उभ्या राहा.’’ मग आवाज खाली आणून, ‘‘तुमच्या आई बी-विंगला कामाला आहेत ना? त्यांची एन्ट्री माझ्या फोनवरून होते, बरं का.’’

गेटवरच्या ॲपमध्ये आईचं नाव ब्लॉक झालं, की तिची सगळ्या घरांची कामं गेली. येरवड्यातलं आमचं घर त्याच कामांवर चालतं. मी घाबरले.

लहानपणी आईबरोबर इथंच आले होते. आरसा बघून याच लिफ्टमध्ये शिरले. एका बाईंनी दंडाला धरून मला बाहेर काढलं आणि मी दाबलेलं बटण पुसलं. आईनं त्यांची माफी मागितली. घरी नेऊन मला मारलं. तेव्हापासून कुठल्याही मोठ्या इमारतीत माझे पाय आधी मागची बाजू शोधतात. आजसुद्धा, पाहुणी म्हणून आलेली मी आधी मागच्याच लिफ्टपाशी जाऊन थांबले होते. मला तिकडे कुणी पाठवलं नव्हतं.

तेवढ्यात काम आटपून आई तिथं आली. मला तिच्या साडीत बघून तिचा चेहरा पडला.

‘‘उतर खाली. तुझं काम होईल, माझं जाईल.’’

खरंच होतं ते.

‘‘आई, तेव्हा मला का मारलंस गं?’’

ती सेक्रेटरींकडे बघत राहिली. पण पुन्हा उतर म्हणाली नाही. पिशवी उचलून एकटीच गेटकडे गेली.

तेव्हा मला दुसऱ्या कुणीतरी बाहेर काढलं होतं. आज उतरले असते, तर मला मीच बाहेर काढलं असतं. मी बटण दाबलं, सगळ्यात वरच्या मजल्याचं.

आईचं नाव अजून ब्लॉक झालेलं नाही, पण भीतीही गेलेली नाही. रोज सकाळी आई गेटमधून आत जाईपर्यंत माझा जीव थाऱ्यावर नसतो. पण ज्या दिवशी ते तिला अडवतील, त्या दिवशी मी त्या गेटवर उभी असेन. याच साडीत. कॅमेरा चालू ठेवून.