बंदीतले हप्ते

कर्ज फिटायच्या आधीच कर्ज फिटल्याचं जेवण घालणारी बाई मालवणात एकच निघाली, आणि ती म्हणजे तुळसा केळुसकर. दसरा झाल्यावरच्या बुधवारी तिने किनाऱ्यावरच्या आपल्या वाडीला वडे-सागोती जेवू घातली. कोंबडे तिने स्वतः निवडले, कारण कोंबड्याच्या बाबतीत ती नवऱ्यावर विश्वास टाकत नाही. जेवणं चालू असताना पंगतीच्या मधोमध उभी राहून तिने जाहीर केलं, "बारा वर्सां झाली. उद्या घराचे कागद माझ्या हातात. आणि ह्यो माणूस आजपासून बोटीर जाणा नाय!"

ह्यो माणूस म्हणजे गुरुदास, तिचा नवरा. तीस वर्षं दुसऱ्यांच्या ट्रॉलरवर खलाशी म्हणून काढून त्याचे गुडघे असे झाले होते की जेवायला तो पाटावर नाही, खुर्चीवर बसला होता. घराचं कर्ज फिटलं की बोट सोडायची, हा नवरा-बायकोचा जुना करार. तुळसाने तो त्याच संध्याकाळी अमलात आणला. पंगतीला आलेल्या बोटमालकाला तिने वड्यांबरोबर सांगून टाकलं, "दुसरो खलाशी बघ." मालकाने दुसरा वडा घेतला आणि दुसऱ्या दिवशी दुसरा खलाशीही घेतला.

त्याच दुसऱ्या दिवशी तुळसा कर्ज देणाऱ्या कंपनीच्या शाखेत गेली. रिकाम्या हाताने कसं जायचं, म्हणून पिशवीत एक चांगली दोन किलोची इसवण, म्हणजे सुरमई, घेतली. काउंटरवर वैभववाडीची पूजा नावाची मुलगी होती. तुळसाने पिशवी सरळ तिच्या टेबलावर ठेवली. बर्फाचं पाणी कोणाच्या तरी अर्जावरून वाहत पूजाच्या मांडीवर उतरलं.

"कागद दी गो बाय माझ्या घराचे."

पूजाने आधी मांडी पुसली, मग संगणकात बघितलं, मग पुन्हा बघितलं. "काकी, तुमचं कर्ज अजून शिल्लक आहे."

"शेवटचो हप्तो ऱ्हवलो काय? भरतंय."

"हप्ता नाही. तीन लाख ऐंशी हजार."

तुळसा हसली. खरोखरच हसली. "माझा न्हय ता. नाव नीट बघ. तुळसा गुरुदास."

नाव तेच होतं.

आता तुळसाच्या आवाजाबद्दल सांगायला हवं. पहाटे बंदरावर मासळीचा लिलाव होतो, तिथे इंजिनांची धडधड, कावळे आणि शंभर माणसं ह्या सगळ्यांवरून ज्या चारपाच बायकांचा आवाज जातो, त्यातली ही एक. पंचवीस वर्षं डोक्यावर पाटी घेऊन ती बाजारात बसली. त्याच पैशांतून सासऱ्याच्या झावळ्यांच्या खोपीच्या जागी दोन खोल्या आणि पडवीचं चिऱ्याचं घर उभं केलं. चिरे उतरवायला मजूर कमी पडले तेव्हा स्वतः उतरवले. असा आवाज आणि अशी बाई वातानुकूलित खोलीत मावत नाही.

"सा लाख घेतलंय! म्हयन्याक साडेसात हजार भरलंय! एक हप्तो चुकवलंय काय? एक? दाखव माका!"

"चुकवला नाहीत काकी, पण तुम्ही दरवर्षी जून-जुलैमध्ये मोरेटोरियमचा लाभ घेतलाय ना..."

"कसलो लाभ?"

पूजा पुन्हा तेच म्हणाली, जरा हळू. ऑफिसात बसलं की आमच्याकडची माणसं शुद्ध मराठी बोलतात. त्याने पगार वाढत नाही, पण समोरच्याला कमी कळतं.

"तू खंयची गो?"

"वैभववाडीची."

"मगे घरात आवशीवांगडा बोलतस तसा सांग."

पूजाने आतल्या केबिनकडे एकदा बघितलं आणि मान खाली घातली. "काकी, बंदीत हप्तो थांबता. व्याज थांबणा नाय. दोन म्हयन्यांचा व्याज मुद्दलात पडता आणि मगे त्या व्याजार पण व्याज चढता. बारा वर्सां तसाच चढत इला. मधी व्याजाचो दर पण वाढलो. हप्तो तेवढोच ठेवलो, म्हणान तुमका कळाक नाय. मुदत वाढली."

एवढंच. सात वाक्यं. बारा वर्षांत ती कोणी कोणाला सांगितली नव्हती.

हे बंदीचं प्रकरण बाहेरच्या माणसाला उलगडून सांगितलं पाहिजे. जून आणि जुलै हे दोन महिने समुद्रात मासेमारी बंद. बोटी किनाऱ्यावर ओढलेल्या, वर झावळ्या. पैसा येत नाही, त्यामुळे पैसा मागायचाही नाही, अशी इथली रीत. किराणावाला अब्बासभाय बंदीत तांदूळ, तेल, साखर देतो आणि नारळी पौर्णिमेनंतर, बोटी पाण्यात उतरल्या की, जेवढ्याचं तेवढं घेतो. तुळसाच्या सासूने त्याच्या बापाकडून असंच घेतलं. त्यामुळे गृहकर्ज विकणाऱ्या माणसाने जेव्हा "मच्छीमारांसाठी खास, बंदीत हप्ता नको" असं सांगितलं, तेव्हा वाडीला वाटलं, चला, कंपनीलाही आपली रीत कळली. समुद्र थांबला की सगळंच थांबतं. व्याज काय समुद्रापेक्षा मोठं?

तर होतं.

"नऊ लाख भरलंय मी," तुळसा म्हणाली. आता आवाज खाली आला होता आणि तो जास्त वाईट होता. "सा लाखाचे नऊ लाख. आणि अजून पावणेचार लाख?"

आरडाओरडा ऐकून केबिनमधून साहेब बाहेर आले. ते अतिशय गोड होते. त्यांनी पाणी मागवलं, काकींना आत खुर्ची दिली आणि काकींची अडचण ऐकून घेतली: नवरा घरी बसलेला, हप्ता जड. मग त्यांनी एक छापील कागद पुढे सरकवला. राहिलेलं कर्ज नव्याने बांधून घ्यायचं. हप्ता साडेसात हजारांवरून फक्त चार हजार सातशे. "तुमच्या डोक्यावरचं ओझं उतरलं म्हणून समजा. इथे सही, आणि इथे."

तुळसाने पेन उचललंसुद्धा. चार हजार सातशे. म्हणजे गुरुदास घरीच राहिला तरी तिच्या एकटीच्या पाटीवर निभतं. काल वाडीसमोर दिलेला शब्द खोटा पडत नाही. तुमच्या-माझ्यासारख्याने तिथेच सही केली असती. पण बाजारात पंचवीस वर्षं बसलेली बाई वाट्याचा भाव ऐकून थांबत नाही, वाट्यात किती बांगडे ते विचारते.

"किती वर्सां?"

"पंधरा. पण हप्ता बघा किती हलका..."

"सगळे मिळान किती होतत?"

साहेब म्हणाले, तसं बघायचं नसतं. पूजा दारात फाइल घेऊन उभी होती. तिने मोबाइलवर गुणाकार केला आणि पडदा तुळसाकडे वळवला. आठ लाख सेहेचाळीस हजार.

तुळसाने पेन खाली ठेवलं नाही, टाकलं. ते घरंगळत साहेबांच्या बुटाजवळ गेलं.

"तीन लाख ऐंशी हजाराचे आठ लाख? मी सासष्ट वर्सांची होयन तवां! पाटी उचलूक मान ऱ्हवात माझी? आणि तू माका ओझा उतारला म्हणान सांगतस? मेल्या, तू माझ्या तिरडीचो हप्तो बांधून दितस!"

आणि ह्याच वेळी तिची नजर साहेबांच्या डोक्यामागच्या रंगीत पाटीवर गेली. त्यावर एक हसरं जोडपं, हसरं बाळ आणि खाली ठळक: नवीन गृहकर्ज, नऊ टक्क्यांपासून.

"माका किती लायलास?"

"तुमचा... सध्या साडेबारा."

"नवीन येता तेका नऊ, आणि बारा वर्सां भरता तेका साडेबारा?"

मासळी बाजारात ह्याच्या नेमकं उलटं असतं. रोजच्या गिऱ्हाइकाला वाट्यावर एक बांगडा जास्त टाकायचा, नवख्याला आधी घासून बघायचं. जुन्या गिऱ्हाइकाला जास्त भाव लावणारी बाई त्या बाजारात दुसऱ्या दिवशी बसू शकत नाही. साहेबांनी सांगितलं की जुन्या कर्जदारालाही दर कमी करून मिळतो. अर्ज करायचा, थोडी फी भरायची. "पण ते ग्राहकाने मागायचं असतं."

"कित्या सांगूक नाय तुमी?"

"तुम्ही विचारलं नाहीत."

तुळसा खुर्चीवरून उठली. मग ती बाहेर आली, टेबलावरची इसवण उचलली आणि निघाली. भेट परत नेणं चांगलं दिसत नाही, हे तिला माहीत होतं.

इसवण घेऊन ती तडक महादूकडे गेली. महादू म्हणजे वाडीतलाच, बारा वर्षांपूर्वी कमिशनवर हीच कर्जं घरोघर फिरून देणारा. आता तो पर्यटकांना समुद्राचा तळ दाखवतो. पाण्यात घालायचे रबरी कपडे तो दोरीवर वाळत घालत होता.

"महाद्या! बंदीत हप्तो नको म्हणान तूच सांगलंस मां? व्याज चढता ता कित्या सांगूक नाय?"

महादूने पळून जायचा विचार केला, पण पुढे समुद्र होता.

"तुळसावयनी, आवशीची शपथ, माका म्हायत नव्हता."

"कर्ज तू इकत होतंस!"

"म्हायत आसता तर मी घेतलंय आसतंय?" तो म्हणाला. "माझाव तसाच आसा. दहा लाखाचा. तुझ्यापेक्षा म्होठा."

तुळसाच्या तोंडात त्याच्यासाठी आणलेल्या भरपूर शिव्या होत्या. त्या तशाच राहिल्या. राग काढायला एक माणूस लागतो, आणि इथे जो तो सापडत होता तो बुडालेलाच होता. परतताना ती अब्बासभायच्या दुकानासमोर थांबली आणि उगाचच त्याच्यावर ओरडली, "काय रे, तू बंदीतल्या तांदळार व्याज लावतस काय?"

"गो, मी तुझा काय वायट केलंय?" अब्बासभाय खरोखरच दुखावला. साठीचा माणूस, हातातलं माप तसंच धरून उभा राहिला. "माज्या बापाशीन कधी लावूक नाय. मी लावतलंय?"

"नाय ना? मगे गप ऱ्हव," म्हणून ती घरी आली.

गुरुदासने सगळं ऐकून घेतलं. मग खुंटीवरची टोपी काढली.

"खंय चल्लास?"

"मालकाक इचारतंय. नायतर विजयदुर्गाक बोटी आसत. तिकडे खलाशी कमी पडतत."

"पायरी उतराक भिंत धरतस, आणि बोटीर चढतलस?"

"मगे काय करूया? सही कर जा. हप्तो हलको होता म्हणतस."

"हलको!" ती कडाडली, तेव्हा शेजारच्या घरातला टीव्ही बंद झाला. "आमका सगळा हलका करून व्हया. म्हणानच आमी जड झालंव! बस खाली."

तो बसला. ती मात्र घरभर फिरत राहिली. पुढच्या खोलीत गेली. ह्या खोलीची फरशी तिने हट्टाने चांगली घातली होती. खिडकी समुद्राकडे. लग्नानंतर सोळा वर्षांनी मिळालेली, दार लागणारी पहिली खोली. बाहेर आली तेव्हा म्हणाली, "ही खोली पर्यटकांक देवया. तू घरी बसान जाळी शिव आणि तेंका चाय दी. आमी रांदपाच्या खोलीत निजतलंव."

"आपल्याच घरात?"

"आपला खंय आसा ता? तेंचा आसा. आमी तेंका भाडा भरतंव, ता बी बारा वर्सां." डोळ्यांत पाणी आलं ते तिने पदराने असं पुसलं की जणू कोणीतरी दुसऱ्यानेच ते तिथे ठेवलं होतं. मग इसवण कापायला घेतली.

पुढचं साधं आहे, म्हणजे सांगायला साधं आहे. तिने सही केली नाही. दर कमी करायचा अर्ज दिला. फी भरली, तीही तीन फेऱ्या घालून आणि प्रत्येक फेरीत आवाज चढवून. दर साडेनऊवर आला. हप्ता साडेसात हजारच ठेवला, आणि बंदीची सवलत कायमची नको असं लिहून दिलं. हिशेब असा की ह्या चालीने अजून साधारण साडेपाच-सहा वर्षं. पूर्वीच्याच रीतीने गेली असती तर नऊ, साहेबांच्या गोड कागदाने पंधरा. सहा वर्षं कमी नाहीत. आनंदाची बातमी म्हणून ही कोणाला सांगता येत नाही, आणि तुळसा ती तशी सांगतही नाही.

उन्हाळ्यात तिने बांगडे आणि गोलमो, म्हणजे बारीक कोळंबी, दुपटीने वाळवली. मे संपत आला तसा कंपनीचा पोरगा बंदीच्या सवलतीचे अर्ज घेऊन मासळी बाजारात आला. तुळसा पाटीमागून उठून त्याच्या शेजारी जाऊन उभी राहिली. तो ज्या ज्या बाईपाशी जाई, त्या बाईपाशी ती जाई.

"सही करतस तर कर गो. पण आधी ह्येका इचार, व्याज थांबता काय?"

"मावशी, माझं टार्गेट असतं," पोरगा कळवळून म्हणाला.

"आमचाव आसता. मरायच्या आधी कागद."

काही बायकांनी तरीही सही केली. ज्यांच्याकडे बंदीत भरायला खरोखरच काही नव्हतं, त्या काय करणार? त्यांच्यावर ती चिडली नाही.

जूनचा हप्ता सुक्या मासळीवर गेला, जुलैचा पुण्याच्या दोन कुटुंबांवर. पावसात समुद्र बघायला येणाऱ्या माणसांचं डोकं ठिकाणावर नसतं, असं गुरुदासचं मत आहे, पण तो त्यांना चहा वेळेवर देतो. बोटीवर तो पुन्हा चढला नाही. पडवीत बसून जाळी शिवताना अधूनमधून तो मान वर करून पाण्याकडे बघतो, तेव्हा तुळसा आतून ओरडते, "हात चालव!"

आता राहिलं एकच. आपल्या कर्जाचा सगळा तपशील तिने छापून मागितला होता. कंपनीने तो दिला आणि त्याचे शंभर रुपये, वर अठरा रुपये कर लावला. स्वतःला किती लुटलं हे वाचायचं भाडं एकशे अठरा रुपये. ते तिने अजून भरलेले नाहीत. दर सोमवारी मोबाइलवर निरोप येतो, आपली थकबाकी त्वरित भरावी. गुरुदास घाबरून म्हणतो, "भरून टाक गो, व्याज चढात."

"चढूंदे," तुळसा म्हणते. तेवढं एक व्याज ती मुद्दाम चढू देते आहे.