दोनशे चाळीस चिंचोके

घराचं कर्ज मंजूर झालं त्या रविवारी मी यशवंतपूरच्या घाऊक बाजारातून तीन किलो चिंच आणली. बिया असलेली, कारण ती स्वस्त मिळते आणि मला बियाच हव्या होत्या. नवरा म्हणाला, "अगं, चिंचेचं दुकान काढतीस काय?" मी कामाला लागले. जमिनीवर वर्तमानपत्र पसरून दोन दिवस चिंच फोडत बसले, चिंचोके धुतले, वाळवले आणि बरोबर दोनशे चाळीस मोजून लोणच्याच्या रिकाम्या बरणीत भरले. वीस वर्षांचं कर्ज, महिन्याला एक हप्ता, हप्त्याला एक चिंचोका.

ही रीत माझ्या आईची. निपाणीजवळच्या आमच्या गावात तिनं पतसंस्थेचं कर्ज काढून शिलाई मशीन घेतलं होतं, छत्तीस हप्त्यांचं. तिला लिहिण्यावाचण्याचा कंटाळा, म्हणून तिनं छत्तीस चिंचोके एका डब्यात ठेवले. हप्ता भरून आली की त्यातला एक काढून चुलीत टाकायची. डबा रिकामा झाला त्या दिवशी तिनं घरात शिरा केला. संस्थेच्या कारकुनानं छत्तीस सांगितले होते आणि छत्तीसच निघाले. कर्ज असंच असतं, अशी माझी तेव्हापासूनची समजूत.

इकडं शहरात, येलहंक्याच्या आमच्या तिसऱ्या मजल्यावरच्या दोन खोल्यांत चूल कुठली! म्हणून मी परात घ्यायची. दर महिन्याच्या पाच तारखेला हप्ता कापल्याचा मेसेज आला की बरणीतून एक चिंचोका उचलायचा आणि वरून रिकाम्या परातीत सोडायचा. तो टण्णकन वाजायचा, आणि नवरा बाल्कनीत असो की न्हाणीघरात, तिथून ओरडायचा, "गेला एक!" पहिल्या वर्षी त्याचा आवाज खालच्या मजल्यापर्यंत जायचा. खालच्या अक्कांनी एकदा विचारलंही, दर महिन्याला तुमच्याकडे कोण जातं म्हणून. पुढं पुढं तो ओरडेनासा झाला. मला वाटलं, कंटाळला. पुरुषांना कुठल्याही सणाचा दोन वर्षांत कंटाळा येतो. काढलेले चिंचोके मी एका कापडी पिशवीत जमवत होते. बरणी रिकामी होईल तेव्हा तो साठीला पोहोचणार होता आणि त्याच महिन्यात निवृत्त होणार होता. हिशोब कसा चपखल बसला होता! त्याचं श्रेय मी स्वतःकडं घेत असे.

नवरा पीण्या औद्योगिक वसाहतीतल्या एका कारखान्यात प्रेस शॉपमध्ये आहे. तिथं अवजड यंत्रं पत्र्यावर साचा आपटून भाग काढतात, दिवसभर आणि तिन्ही पाळ्यांत. आपटण्याचा तो आवाज मी एकदाच ऐकला, कारखान्यात आयुधपूजेला बायकामुलांना बोलावलं होतं तेव्हा. पूजेपुरतं एकच यंत्र सुरू केलं होतं, तरी माझ्या छातीत धडधडलं. तिथं कानात घालायचे फोमचे बोळे देतात. नवरा ते खिशात ठेवायचा. त्याचं म्हणणं, साच्याला तडा जायच्या आधी त्याचा आवाज बदलतो, आणि तो बदल ज्याला कळतो त्यालाच कारखान्यात किंमत. बोळे घातले तर कळणार कसं? साहेब नव्या पोरांना सांगायचे, यांच्यासारखं ऐकायला शिका. असं कुणी म्हटलं की तो घरी येऊन दोन चपात्या जास्त खायचा.

त्याचे कान जात होते हे आमच्या लक्षात फार उशिरा आलं. टीव्हीचा आवाज वाढला त्यावरून आम्ही भांडलो. कुकरच्या शिट्ट्या मोजायला सांगितल्या तर तो मोजायचा नाही, त्यावरूनही भांडलो. "ऐकायचंच नसतं तुम्हाला," असं मी त्याला किती वेळा म्हटलं असेल! मग एकदा वायुसेनेची विमानं सरावाला निघाली आणि आमच्या गच्चीवरून इतक्या खालून गेली, की शेजारचं तान्हं पोर किंचाळून उठलं. नवरा दोरीवर कपडे वाळत घालत होता. त्यानं मान वर केली नाही. तेव्हा मी त्याला डॉक्टरकडं नेलं.

डॉक्टरांनी तपासण्या करून सांगितलं, दोन्ही कान बिघडलेत, डावा जास्त. गेलेलं परत येणार नाही. त्याच आवाजात आणखी काही वर्षं काढली तर उरलेलंही जाईल. कानाला ऐकण्याचं यंत्र लावता येईल, पण ते लावून प्रेस शॉपमध्ये उभं राहता येणार नाही. "आवाजातून बाहेर पडा," एवढंच त्यांनी पुन्हा पुन्हा सांगितलं.

कारखान्यातल्या साहेबांनी माणुसकी दाखवली. सामानाच्या गोदामात एक जागा रिकामी होत होती. नोंदी ठेवायच्या, माल द्यायचा, दिवसपाळी, शांतता. पगार मात्र नऊ हजारांनी कमी. महिनाभरात होय की नाही ते कळवा, म्हणाले.

आमचा हप्ता एकवीस हजार सातशे. मी एका खासगी शाळेच्या ऑफिसात कारकून आहे, फीच्या खिडकीवर बसते. दोघांचे पगार, हप्ता, मुलीचं कॉलेज, सासूबाईंना गावी पाठवायचे पैसे हे सगळं धरलं तर नऊ हजार कुठूनही निघत नव्हते. पण माझ्या डोक्यात एक युक्ती आली आणि मी स्वतःवरच खूश झाले. बँकेत जायचं आणि मुदत वाढवून घ्यायची. हप्ता लहान होईल, चिंचोके वाढतील. साठ वाढोत, सत्तर वाढोत. कानांपुढं सत्तर चिंचोके म्हणजे काय! मी नवऱ्याला म्हटलं, "तुम्ही गोदामाला होय म्हणून टाका. बँकेचं मी बघते."

"आधी विचारून तर ये," तो म्हणाला. मला राग आला. माझ्यावर भरवसाच नाही म्हटलं.

अर्ध्या दिवसाची रजा काढून मी बँकेत गेले. खिडकीपलीकडं माझ्या भाचीच्या वयाची एक मुलगी होती. माझ्याशी कन्नडमधून गोड बोलली, पाणी दिलं. मी सगळं सांगितलं, डॉक्टरांचा कागदही दाखवला. तिनं आमचा कर्जखाते क्रमांक घातला आणि पडद्यावरच्या नोंदी वाचल्या.

"मॅडम, मुदत आणखी वाढवता येणार नाही. ती आधीच वाढलेली आहे."

"कुणी वाढवली?"

"तुमचे दोनशे त्रेसष्ट हप्ते बाकी आहेत."

मी हसले. चूक तिची, असं समजून अगदी मायेनं तिला म्हटलं, "अगं, पुन्हा बघ. एकशे शहाऐंशी बाकी आहेत. माझ्याकडं मोजून ठेवलेत."

तिनं पडदा माझ्याकडं वळवला. दोनशे त्रेसष्टच होते.

मग तिनं समजावलं, आणि वाईट हे, की तिनं फार छान समजावलं. आमचं कर्ज बदलत्या व्याजाचं. आम्ही घेतलं तेव्हा व्याज सात टक्के होतं. नंतर ते चढत चढत नऊ टक्क्यांवर गेलं, मग थोडं उतरलं. व्याज चढलं तेव्हा बँकेनं हप्ता वाढवला नाही, हप्त्यांची संख्या वाढवली. हप्ता तेवढाच राहिला, पण त्यातला जवळजवळ सगळा व्याजात जायला लागला आणि मुद्दल जागच्या जागी राहिलं. "ग्राहकाला त्रास होऊ नये म्हणून असं करतात," ती म्हणाली.

"आम्हाला कळवायचं नाही?"

तिनं तारखांसकट दाखवलं. पाच वेळा मेसेज आले होते, दोन पत्रंही. मला ते मेसेज आठवले. इंग्रजी, लांबलचक. प्रत्येक वेळी मी त्यात एकच गोष्ट शोधली होती, हप्त्याची रक्कम. ती तेवढीच आहे म्हटल्यावर पुढचं वाचलं नाही. नवऱ्यालाही सांगितलं होतं, "काही नाही, बँकेचं नेहमीचं." गावी काही बदललं की संस्थेचा कारकून सायकलवरून दारात यायचा, चहा प्यायचा आणि सांगून जायचा. कुणी दारात आलं नाही म्हणजे काही बदललं नाही, हे माझ्या अंगात इतकं मुरलेलं, की मला शंकाही आली नाही.

मी भरलेले पैसे विचारले. चौपन्न हप्त्यांत आम्ही अकरा लाख एकाहत्तर हजार भरले होते. अठ्ठावीस लाखांच्या कर्जातलं त्यामुळं फिटलं होतं एक लाख साठ हजार. बाकी व्याज. आंधळं दळतंय आणि कुत्रं पीठ खातंय, ती म्हण मी लहानपणापासून दुसऱ्यांना ऐकवत आले होते. मी तिला शेवटपर्यंतची बेरीज करायला लावली. व्याज आहे तेवढंच राहिलं तर अठ्ठावीस लाखांचे एकोणसत्तर लाख होणार होते. आणि नवरा सहासष्ट वर्षांचा.

"मग हप्ता कमी नाही होणार?"

"नाही मॅडम. वयाची मर्यादा आहे. उलट महिन्याला साडेतीन हजार जास्त भरलेत तर तुमचे एकशे शहाऐंशी होतील." तिला खरंच वाईट वाटत होतं. दुसरी बँक स्वस्तात देईल का, हेही तिनंच सुचवलं, आणि पगार कमी होणार म्हटल्यावर कुणी घेणार नाही, हेही तिनंच सांगितलं.

मला कुणावर तरी ओरडायचं होतं. पण ओरडणार कुणावर? करारात सगळं लिहिलेलं होतं, त्या पानावर खाली माझी सही होती, मोठ्या वळणदार अक्षरात. मी रोज खिडकीवर पालकांना सुनावते, "मागच्या पानावर नियम छापलेत, वाचायला काय होतं?" उशिराचा दंड मी एकाचाही सोडत नाही. लोका सांगे ब्रह्मज्ञान, दुसरं काय! पोरीनं दिलेलं पाणी प्यायले आणि बाहेर आले. बसस्टॉपवर दोन बस गेल्या तरी मी उभीच होते.

घरी आल्यावर पिशवीतले चौपन्न चिंचोके ओट्यावर ओतले. ते सगळे बरणीत परत टाकले तरी दोनशे चाळीसच होत होते, आणि दोनशे त्रेसष्टला तेवीस कमी पडत होते. साडेचार वर्षं भरून आम्ही पहिल्या दिवसाच्याही मागं गेलो होतो. मी ते दोनदा मोजले. माझ्या हातून असं काही होईल यावर माझाच विश्वास बसत नव्हता.

नवरा पाळीवरून आला तेव्हा त्याच्या समोर बसून, चेहऱ्याकडं बघत, सगळं सांगितलं. मेसेजचंही. तो रागावला असता तर बरं झालं असतं. त्यानं चहा संपवला, कप विसळून ठेवला.

"मग गोदामाचं राहू दे," तो म्हणाला.

"राहू दे कसं? घर विकू आपण. गेलं खड्ड्यात."

"आणि राहायचं कुठं? इथं भाडं किती झालंय बघितलीस? विकून बँकेचं भागवायचं आणि परत भाड्यात शिरायचं?" मग म्हणाला, "डावा गेलाय. उजवा हाय की अजून."

मी म्हटलं, मी शिकवण्या घेते, दागिने मोडते, सासूबाईंचे पैसे थांबवते. शेवटचं बोलले आणि माझी मलाच लाज वाटली. त्यानं एकेकाचा हिशोब बोटांवर केला. सगळं मिळूनही नऊ हजार होईनात. साडेतीन हजार तर त्याच्या पलीकडचे. महिना संपायच्या आत त्यानं साहेबांना नाही म्हणून कळवलं. गोदामाची जागा दुसऱ्याला मिळाली. बोळे आता घालतो, मी रोज डब्यासोबत ठेवते म्हणून. ते काढून साचा ऐकतो की नाही, हे मी विचारत नाही.

परवा पाच तारीख होती. दुपारपाळी असल्यामुळं नवरा दाराजवळच्या स्टुलावर पाठमोरा बसून बूट घालत होता. मेसेज आला. या वेळी मी तो शेवटपर्यंत वाचला, त्यात नवीन काही नव्हतं. बरणी फडताळात तशीच होती. त्यात किती टाकायचे आणि किती काढायचे हे मला ठरवता येत नव्हतं, पण हात सवयीनं आत गेला. परात घेतली आणि चिंचोका सोडला.

टण्णकन वाजला. तो नाडी बांधत होता. मी दुसरा उचलला, हात डोक्यापर्यंत नेला आणि तिथून टाकला. परात वाजत राहिली. त्यानं पहिला बूट संपवून दुसरा ओढून घेतला. आमच्यामध्ये पाचच पावलं होती. तो कंटाळला म्हणून गप्प झाला असं मी धरून चालले होते, आणि तसं धरून चालल्याला दोन वर्षं झाली होती.

मी त्याच्या समोर जाऊन बसले. चिंचोका त्याच्या डोळ्यांपुढं धरला आणि ओठ नीट हलवत म्हटलं, "गेला एक."

तो हसला. "गेला एक!" तो म्हणाला, खालच्या मजल्यावर ऐकू जाईल एवढ्या मोठ्यानं, आणि डबा उचलून पाळीवर गेला.