बुटकी उडी

बहिणीच्या उजव्या हाताला धरता येत होतं, सोडता येत नव्हतं.

थंडीत तिला अर्धांगाचा हलका झटका येऊन गेला. चेहरा सावरला, पाय सावरला, बोलणं तर पहिल्यापेक्षा वाढलं. हात मात्र अडला. पाण्याचा पेला उचलायची, पिऊन खाली ठेवायची, आणि बोटं त्या पेल्याभोवती तशीच राहायची. मग डाव्या हाताने एकेक बोट सोडवायचं. दुसरी कोणी असती तर म्हणाली असती, एवढ्यावर निभावलं, देवाची कृपा. पण माझी बहीण आखणी करते, म्हणजे गणपतीचे डोळे रंगवते. पेणजवळ जोह्याला तिच्या दिराचा मूर्तींचा कारखाना आहे आणि लग्न होऊन पेणला आल्यापासून तिचं तिथलं काम हेच. अंगाचा रंग, सोवळं, शेला, मुकुट हे सगळं इतर माणसं करतात. डोळे सगळ्यात शेवटी, आणि ते हिच्याकडे.

डोळ्याची वरची रेघ बारीक सुरू होते, मध्ये भरते आणि कानाकडे जाताना पुन्हा केसाएवढी होऊन संपते. ज्या हाताला सोडता येत नाही, त्याने ती रेघ संपवायची कशी? दिराने तिला सांगून ठेवलं होतं, "वैनी, भातलावणी लागंपर्यंत तुमची वाट बघतो. मंग मात्र कोनाला तरी बसवायला लागंल." तो मनाने वाईट नव्हता. मूर्ती ठरल्या दिवशी घरोघर जायलाच हव्यात, त्यात त्याच्या हातात तरी काय होतं.

मी धाटावच्या एका कंपनीत इन्स्ट्रुमेंट खात्यात होतो, आता निवृत्त. एखादी वस्तू का अडली हे कळेपर्यंत मला जेवण गोड लागत नाही. बायको म्हणते, ह्यांना माणसं आजारी पडलेली दिसत नाहीत, बिघडलेली दिसतात. अष्टमीतल्या घरून पूल ओलांडून रोहा स्टेशन आणि तिथून मेमू गाडीने पेण, अशा माझ्या फेऱ्या सुरू झाल्या. मेहुणे टेंपो घेऊन दिवसभर बाहेर, त्यामुळे दुपारी घरात आम्ही दोघंच. डॉक्टरांनी तिला रबरी चेंडू दिला होता, दाबायला आणि सोडायला. ती तो दाबायची आणि टीव्ही बघत बसायची. सोड म्हटलं की भडकायची.

"मी काय कुत्र्याचं पिल्लू हाय रं, चेंडू घिऊन बसायला?"

टीव्हीच्या खालच्या कप्प्यात भाच्याचा जुना गेमचा डबा धूळ खात पडला होता. भाचा पुण्याला नोकरीला. एका दुपारी ती चेंडूवर रुसून बसलेली असताना मी तो डबा बाहेर काढला, फडक्याने पुसला आणि कुठली वायर कुठे जाते ते विचारायला भाच्याला फोन लावला. तो म्हणाला, "मामा, त्यात एकच गेम हाय आणि तो जाम कठीण हाय. मी पण मध्येच सोडला." हे ऐकल्यावर मी गप्प बसणार होतो थोडाच.

गेम असा होता. डोक्याला टोपडं आणि हातात कंदील घेतलेलं एक बुटकं पात्र एका खोल विहिरीच्या तळाशी पडलंय आणि त्याला वर चढायचंय. भिंतींतून खिळे येतात, दातेरी चाकं फिरतात, पाय ठेवावा तर फळी कोसळते. जरा चुकलं की मेलं, मग तो टप्पा पहिल्यापासून. जवळ तलवार नाही, बंदूक नाही, आहे ती फक्त उडी. बहिणीने त्याला बघताक्षणी 'बारक्या' म्हणायला सुरुवात केली आणि मी त्याला खिळ्यांवर टाकला की जिवाच्या आकांताने ओरडायला लागली.

गेमच्या रिमोटवर डाव्या अंगठ्याने बारक्याला चालवायचं, उजव्या अंगठ्याने उडी मारायची. बऱ्याचदा मेल्यावर माझ्या लक्षात आलं की बटणाला नुसती टिचकी मारून सोडलं तर उडी बुटकी होते, आणि दाबून धरलं तर उंच. हे कुठे लिहिलेलं नव्हतं, माझं मलाच सापडलं, त्यामुळे माझी छाती फुगली. मी तिला तीन-तीनदा दाखवायला लागलो, बघ गो, जितका वेळ दाब, तितकी उंची.

"दे हिकडं," ती म्हणाली. "तुज्यापेक्षा मी बरा चालवीन त्याला."

तिची प्रत्येक उडी उंच जायची. अर्थातच. अंगठा बटणावर बसला की उठायचाच नाही. बारक्या प्रत्येक वेळी छतावर डोकं आपटायचा. पण गंमत अशी की ती चेंडूसारखी कंटाळली नाही. बारक्या मेला की तिला राग यायचा, आणि राग आला की ती पुन्हा बसायची.

मग मी कंपनीतल्यासारखा कामाला लागलो. सगळ्यात आधी मरायची लाज सोडायची, हे मी ठरवलं. बारक्याला मरायला काही खर्च पडत नव्हता. म्हणून नवा टप्पा आला की पहिल्या काही जिवांवर पाणी सोडायचं आणि पुढे काय काय वाढून ठेवलंय ते नुसतं बघून यायचं. नजर बारक्यावर ठेवायची नाही, तो जिथे पडणार त्या जागेवर ठेवायची. हे तिला लगेच जमलं, मला अजून जमत नाही. चाकं फिरताना एक ठेका वाजायचा, तो तिने कानाने पकडला आणि मान हलवून मला उडीची वेळ सांगायला लागली. कठीण टप्पा असेल तर शेवटची उडी आधी सोप्या जागी घोटून ठेवायची, नाहीतर तिथवर पोचेपर्यंत हात थरथरतो. पण माझी खरी हुशारी मी रस्ते शोधण्यात दाखवली. जिथे सरळ जाताना बुटकी उडी लागायची, तिथे भिंतीला धरून वर जायचं, वळसा घालायचा, कोसळत्या फळीवरून उंच उडीनेच पलीकडे जायचं. बनवणाऱ्याच्याही ध्यानात आले नसतील असे आडरस्ते मी तिच्या अडलेल्या अंगठ्यासाठी काढले. भाच्याने जिथे सोडला होता त्याच्याही आम्ही पुढे गेलो. त्याला फोन करून तसं सांगताना बहिणीचा आवाज काय चढला होता!

तोवर आंबे संपत आले होते. हात होता तसाच होता. मी तिच्या हाताला वळसे शिकवत होतो, सोडायला शिकवत नव्हतो, हे तेव्हा माझ्या डोक्यात शिरलं नाही.

आणि मग पाण्याचा टप्पा आला. एक लांबच लांब भुयार, छत इतकं खाली की बारक्याचं टोपडं घासेल, छताला खिळे, आणि मागून चढत येणारं पाणी. पायाखाली खड्डे. प्रत्येक खड्ड्यावरून बुटकीच उडी हवी. उंच मारली की खिळा, थांबलं की पाणी. मी आडरस्ता शोधून शोधून थकलो. शेवटी भुयाराच्या तोंडाशीच वरच्या बाजूला एक कोनाडा सापडला. उंच उडीने तिथे जाता येत होतं आणि पाणी कोनाड्याच्या जरा खालीच येऊन थांबत होतं.

"झालं काम," मी म्हटलं. "इथे बसू. पाणी उतरलं की जाऊ. घाईच नाही, एकेक पाऊल टाकत जाऊ."

"व्हय," ती म्हणाली. "सुकती लागंल आता."

सुकती म्हणजे ओहोटी; आम्ही दोघं खारेपाटातले. बाप मिठागरावर कामाला होता आणि आमचं लहानपण खाडीच्या बांधावर पाणी उतरायची वाट बघण्यात गेलेलं. चढलेलं पाणी उतरतं याबद्दल आम्हाला शंका यायचं कारणच नव्हतं. बारक्याला कोनाड्यात बसवून आम्ही चहा केला. चहा पिऊन झाला, पाणी तिथेच. तिने तांदूळ निवडायला घेतले, डाव्या हाताने. मधूनच टीव्हीकडे मान वळवून बघायची. ओहोटीची वेळ काढायला मी कॅलेंडर काढून तिथी कोणती ते पाहिलं, म्हणजे मी किती खुळा असेन बघा. ऊन खाली आलं तरी पाणी हलेना, तेव्हा मी भाच्याला फोन केला. तो इतका हसला की त्याला बोलता येईना.

"मामा, असल्या गेममधलं पाणी उतरत नाय. ते फक्त चढतं."

मला भयंकर राग आला. फक्त चढणारं पाणी असतं का कुठे? ज्याने हा गेम केला त्याने जन्मात खाडी पाहिलेली नसणार. मी बोलत राहिलो, बोलत राहिलो, आणि मग माझं बहिणीकडे लक्ष गेलं. तिने रिमोट मांडीवरून खाली ठेवला होता, म्हणजे डाव्या हाताने उजव्यातून काढून ठेवला होता.

"नाय जमायचं, दादा," ती म्हणाली. "बारक्यापन नाय आनि डोळंपन नाय. तूच येडा हायस, मना नादाला लावलंस."

ती रडली. झटका आल्यापासून ती माझ्यासमोर पहिल्यांदाच रडत होती. अशा वेळी शहाणा माणूस पाठीवर हात ठेवतो. माझ्या डोक्यात मात्र भलताच प्रश्न आला आणि तो तोंडातून गेलासुद्धा. इतकी वर्षं मी तिच्या हातचे डोळे बघत होतो, घरी तिच्याच हातचा गणपती आणत होतो, पण हे कधी विचारलं नव्हतं.

"ती रेघ तू संपवतेस कशी गं?"

"कशी म्हंजे? सोडते."

"काय सोडतेस? बोट?"

तिने चिडून हात वर केला, मला दाखवायला. हवेतच ब्रश धरल्यासारखा, डाव्या हाताच्या करंगळीवर टेकवून. रेघ ओढायला लागली आणि अर्ध्यावर थांबली. डोळ्यांतलं पाणी तसंच होतं, पण कपाळाला आठी पडली होती.

"बोट नाय," ती सावकाश म्हणाली. "बोट उचलाया गेलं का रेघ तुटते. श्वास. श्वास धरून ठेवायचा आनि शेवटाला नाकातनं सोडायचा. हात आपसूक उठतो. बोटाला काय सांगायचंच नाय."

तिने माझ्याकडे बघितलं, मग टीव्हीकडे, जिथे बारक्या अजून कोनाड्यात बसला होता.

"ह्या मेल्यासाठी श्वास धरू मी?" ती म्हणाली.

"धर की. कोण बघतंय?"

लगेच काही जादू झाली नाही. त्या दिवशी बारक्या मरतच राहिला. पण कधीमधी एखादी उडी खिळ्याच्या जरा खालून जायला लागली. ती बटण दाबताना श्वास ओढून धरायची आणि सोडताना नाकातून असा फुस्स आवाज करायची की मला हसू आवरायचं नाही आणि मी हसलो की तिचा नेम चुकायचा. मग मला स्वयंपाकघरात बसायची शिक्षा झाली. तिथून मी नुसते तिचे श्वास ऐकायचो. फुस्स, आणि पाठोपाठ शिवी. फुस्स, फुस्स, आणि शिवी. दोन शिव्यांमधलं अंतर हळूहळू वाढत चाललं. एका दुपारी बराच वेळ शिवीच आली नाही म्हणून मी धावत बाहेर आलो, तर भुयार संपलं होतं आणि बारक्या पलीकडच्या उजेडात उभा होता. मी नाचलो. ती टीव्हीकडे बघतसुद्धा नव्हती. आपला अंगठा बटणावरून उचलायची, ठेवायची, पुन्हा उचलायची. डॉक्टरांना मी नंतर हे सांगितलं तर ते म्हणाले, असू शकेल, हाताला जुनी वाट आठवली असेल. असू शकेलवर माझं समाधान झालं नाही, पण त्यांच्याकडे गर्दी होती.

आम्ही दोघं जोह्याला गेलो तेव्हा शेतांत भातलावणीची चिखलणी चालू होती, म्हणजे दिराने दिलेली मुदत भरली होती. कारखान्यात ओळीने मूर्ती उभ्या होत्या, रंगून तयार, फक्त डोळे नसलेल्या. पुढच्या ओळीपाशी दिराने एक मुलगी बसवली होती आणि तिची रेघ चांगली होती, हे मला दारातूनच दिसलं. दिराने बहिणीसाठी मागच्या ओळीतली एक लहान मूर्ती पाटावर आणून ठेवली, कोणाच्या नजरेत येणार नाही अशी. ती बसली. पदर खोचला, ब्रशला टोक काढलं, करंगळी टेकवली.

पहिली रेघ जाड गेली आणि थेट कानशिलापर्यंत लांबली. हात सुटलाच नाही. दीर दुसरीकडे बघायला लागला. आपण हिला उगीच आशा लावली, एका खेळण्याच्या जोरावर, असं वाटून मला स्वतःची चीड आली. आयुष्यात आपण डोळा पुसला नाही, असं ती आजवर सगळ्यांना ऐकवत आली होती. तिने ओलं फडकं घेतलं आणि रेघ पुसली. पुन्हा ओढली, पुन्हा पुसली. पुढची मुलगी काम थांबवून बघत होती.

"तोंडाकडं काय बघतंस गो," बहीण तिला म्हणाली. "हाताकडं बघ."

मग तिने श्वास धरला. रेघ बारीक निघाली, मध्ये भरली, वळली. नाकातून श्वास सुटला आणि ब्रश उठला. रेघ कुठे संपली ते मला दिसलं नाही, इतकी ती बारीक होत गेली होती. माझे डोळे भरून आले होते आणि त्यातूनही मला तो उठणारा हात जवळून बघायचा होता, बोटं नेमकी कधी सैल होतात ते. दुसऱ्या डोळ्यासाठी तिने ब्रश रंगात बुडवला तसा मी पुढे वाकलो.

"दादा," ती मान वर न करता म्हणाली, "उजेडातनं सरक."

मी सरकलो.