पाताळाच्या दारात सातूचं पीठ

पाताळात उतरण्याचा योग माणसाला एकदाच येतो, आणि तोही देवांची मर्जी असेल तरच, असं मेक्सिकोतले माया लोक मानत, असं म्हणतात. आम्हाला तो एका मंगळवारी आला. हॉटेलातून ने-आण आणि दुपारचं जेवण त्यात धरलेलं होतं.

मी सिंगापूरला असते. नोकरी रॅफल्स प्लेसच्या एका ऑफिसात, घर बिशानला, आणि घरात मी आणि आई. वडील गेल्यावर ती माझ्याकडे राहायला आली. पहिले काही महिने तिने फ्लॅटमधलं घासण्यासारखं जे जे होतं ते घासून काढलं. मग घासायला काही उरेना, तेव्हा ती बाहेर फिरायला जाऊ लागली, आणि असंच एकदा एमआरटीने दोन स्टेशनं पुढे, तोआ पायोहला गेली. तिथल्या सार्वजनिक पोहण्याच्या तलावात सकाळच्या वेळी तिच्याच वयाच्या बायका गळ्यापर्यंत पाण्यात उभ्या राहून गप्पा मारत होत्या. आई कठड्याशी बराच वेळ उभी राहिली. संध्याकाळी मी ऑफिसातून आले तर ती म्हणाली, "मला पोहायचा पोशाख घेऊन दे. अंगभर असलेला."

तिला पोहायला शिकवलं ते त्याच बायकांपैकी एकीने. ह्या चिनी बाई जवळच्याच एका जुन्या ब्लॉकमध्ये राहायच्या. त्या आईला सिस्टर म्हणायच्या आणि आईही त्यांना सिस्टर म्हणायची. आईचं इंग्रजी बँकेच्या पासबुकापुरतं होतं आणि त्या बाईंना मराठी येण्याचा प्रश्नच नव्हता, पण दोघींचं छान चालायचं. एका रविवारी मी काठावर बसले होते तेव्हाचं ऐकलेलं आहे. आई हातपाय झाडत होती आणि बाई तिच्या पाठीखाली हात धरून ओरडत होत्या, "सिस्टर, यू फाइट द वॉटर फॉर व्हॉट? रिलॅक्स, लाह!"

आई नाकातोंडातलं पाणी पुसत माझ्याकडे वळली. "ही म्हणते पाण्याशी भांडू नका. मी कधी भांडले गं कोणाशी?"

मी टॉवेलची घडी नीट करू लागले.

तलावाच्या पाण्यातल्या क्लोरीनवर मात्र तिने स्वतःचा उपाय काढला होता. निघण्याआधी डोक्यावर खोबरेल तेल थापायचं, केसांचा घट्ट अंबाडा घालायचा आणि वर रबरी टोपी चढवायची. तेल आणि पोहणं ही तिच्या लेखी एकच गोष्ट झाली होती. वर्षभरात ती पाठीवर तरंगू लागली, मग तलावाची रुंदी पार करू लागली. इतरांपेक्षा हळू, पण डोकं वर ठेवून, पाहुण्यांच्या घरात शिरल्यासारखी.

अशात मला कामासाठी मेक्सिकोला जायचं ठरलं. पुढे चार दिवस रजा टाकून काय बघता येईल ते मी फोनवर चाळत होते. आई शेजारी शेंगा सोलत बसली होती. एका चित्राशी तिने माझा हात धरला. जमिनीत खोल गोल खड्डा, कडेने लोंबणारी मुळं, तळाशी निळं पाणी.

"ही विहीर आहे."

"आई, ह्याला सेनोते म्हणतात. चुनखडीचं छप्पर कोसळून आपोआप तयार झालेला..."

"म्हणू देत. विहीरच आहे ही." थोड्या वेळाने तिने विचारलं, "इथे बायकांना उतरू देतात?"

मग तिने मला जे सांगितलं ते मी इतक्या वर्षांत कधी ऐकलं नव्हतं. साताऱ्याकडच्या तिच्या माहेरी मळ्यात मोठी विहीर होती. तिचे भाऊ उन्हाळ्यात पाठीला सुका भोपळा बांधून त्या विहिरीत पोहायला शिकले. मुलींनी उतरायचं नाही, असं आजोबांचं म्हणणं. म्हणून आई काठावर बसायची आणि भावांचे कपडे सांभाळायची. "कोणाचा पाय कुठे चुकतो ते सगळं मला वरून दिसायचं," ती म्हणाली. "सांगितलं तर म्हणायचे, तुला काय कळतंय, तू कपडे धर." हे ती रागाने नाही, भाजीचा भाव सांगावा तसं सांगत होती. "एकदा विहिरीत पोहायचं आहे मला. तलाव वेगळा. तलावाला तळ दिसतो."

तेव्हा मी दोन तिकिटं काढली.

त्या मंगळवारी आमच्या छोट्या बसमध्ये बारा-पंधरा प्रवासी होते आणि एक वाटाड्या. रुंद कडेची हॅट, रुपेरी मिशा, आणि हातात ध्वनिक्षेपक, ज्याची एवढ्याशा बसमध्ये काहीच गरज नव्हती. "मित्रांनो, ही सहल नाही," त्याने इंग्रजीत सुरुवात केली. "हा तुमच्या आत्म्याचा प्रवास आहे." ह्या प्रवासात स्वच्छतागृहासाठी दोन थांबे होते, तेही त्याने त्याच सुरात सांगितलं. मोठे शब्द ऐकले की माझ्या अंगावर पुरळ उठतं. मी खिडकीबाहेर बघत राहिले. आईने मात्र त्याच्याकडे कौतुकाने पाहिलं. "आवाज चांगला आहे. कीर्तन केलं असतं ह्याने."

चिचेन इत्सा ह्या माया लोकांच्या जुन्या नगरातला तो पायऱ्यांचा प्रचंड पिरॅमिड समोर आला आणि मी, कबूल करते, मान मागे टाकून बघतच राहिले. वर चढायला बंदी आहे म्हटल्यावर आईला आपले गुडघे वाचल्याचा आनंद झाला आणि तिने पिरॅमिडबद्दल एकदम चांगलं मत करून घेतलं. वाटाड्याने टाळी वाजवली. पायऱ्यांवरून परत आला तो आवाज एखाद्या पक्ष्याच्या चिरक्या हाकेसारखा. मग आम्ही सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या, शेजारच्या गटानेही वाजवल्या, आणि बराच वेळ तिथे आरती चालल्यासारखं वाटत होतं.

तिथेही एक विहीर आहे, मोठी, हिरव्या पाण्याची, पवित्र. वाटाड्याने हॅट काढून आवाज खाली आणला. माया लोकांच्या लेखी अशा विहिरी म्हणजे पाताळाची दारं, तो म्हणाला. पाऊस पडावा म्हणून लोकांनी ह्या पाण्यात सोनं टाकलं, आणि माणसंही. मी आईला ते मराठीत सांगितलं.

आई चपापली. "पिण्याच्या पाण्यात?"

तिच्या आग्रहावरून मला हा प्रश्न विचारावा लागला. वाटाड्याने मान डोलावली, जणू ह्याच प्रश्नाची तो कित्येक वर्षं वाट बघत होता. पिण्याची विहीर वेगळी होती, तो म्हणाला. मी ते आईला सांगितलं.

"मग ठीक आहे," आई म्हणाली.

पण ह्या सगळ्यात वेळ चालला होता. चेंडूच्या खेळाच्या मैदानात तो विश्वाच्या उत्पत्तीपासून सुरू झाला. वेधशाळेपाशी शुक्राच्या उदयास्तात अडकला. आई सावलीला बसून माझ्या मनगटावरचं घड्याळ बघत होती. तिला अवशेषांबद्दल आदर होता, पण ती आली होती पोहायला. जेवणालाही उशीर झाला. पोहण्याच्या सेनोतेपाशी बस थांबली तेव्हा वाटाड्याने जाहीर केलं की इथे आता आपल्याला थोडाच वेळ मिळेल, कारण संध्याकाळी दार बंद होतं. पाताळालाही कार्यालयीन वेळ असते.

पाण्यात जाण्याआधी सगळ्यांनी उघड्यावरच्या फवाऱ्याखाली अंघोळ करायची, असा तिथला नियम. अंगावर क्रीम नको, अत्तर नको, तेल नको, कारण त्याने पाणी खराब होतं. मासे मरतात. नियम अगदी योग्य होता. फवाऱ्यापाशी गळ्यात शिट्टी अडकवलेली एक ठेंगणी, गंभीर बाई उभी राहून एकेकाला तपासत होती. आईची पाळी आली. त्या बाईने आईच्या अंबाड्याला बोट लावलं, बोटावर बोट घासून पाहिलं, आणि मान हलवली.

आईने सकाळी हॉटेलात नेहमीप्रमाणे डोक्यावर अर्धी बाटली रिकामी केली होती. पोहायला जायचं होतं ना.

मी टोपी दाखवली. बाईने मान हलवली. आईने फवाऱ्याखाली केस मोकळे सोडून खसाखसा चोळले. साध्या पाण्याने खोबरेल तेल काय जातंय. साबण लावू का, मी खुणेने विचारलं. साबण तर मुळीच नाही. आमच्या बसमधले लोक तरंगायची जाकिटं चढवून एकामागून एक खाली उतरू लागले आणि खालून त्यांच्या किंकाळ्या वर येऊ लागल्या. आई ओल्या केसांनी उभी होती. ती माझ्याकडे न बघता म्हणाली, "जाऊ दे. तू जा. मी बसते इथे काठावर, तुझे कपडे धरते."

ते वाक्य माझ्या जिवाला लागलं. मी त्या बाईशी इंग्रजीत वाद घालायला लागले, जो तिला कळत नव्हता आणि ज्यात माझी बाजूही बरोबर नव्हती. तेवढ्यात मागून आई म्हणाली, "अगं, थांब. पिशवीत सातूचं पीठ आहे."

परदेशात काय खायला मिळेल ह्याचा भरवसा नसल्याने तिने गहू-डाळं भाजून दळलेल्या पिठाचा डबा बरोबर घेतला होता. त्या पिठाने तेल निघतं, हे तिला माहीत होतं आणि मलाही. प्रश्न एवढाच होता की डोक्याला पीठ चोळणं हे त्या गंभीर बाईला कोणत्या भाषेत समजवायचं.

वाटाड्या पुढे आला. काय चाललंय ते त्याने मला विचारलं, मी सांगितलं. त्याने हॅट काढली, छातीशी धरली, आणि ज्या आवाजात त्याने दिवसभर आम्हाला सूर्य, शुक्र आणि मृत्यू समजावला होता त्याच आवाजात त्या बाईशी स्पॅनिशमध्ये बोलू लागला. बराच वेळ बोलला. मध्ये एकदा त्याने आभाळाकडे बोट केलं.

"काय म्हणतोय गं?" आईने विचारलं.

मी त्याला विचारलं. "मी सांगितलं," तो म्हणाला, "की ह्या मातोश्री एका अतिप्राचीन लोकांमधल्या आहेत, आणि त्यांच्यात पवित्र जलात शिरण्याआधी धान्याने मस्तक शुद्ध करण्याची हजारो वर्षांची प्रथा आहे."

"तू अतिप्राचीन आहेस म्हणतोय," मी आईला सांगितलं.

"बरोबर आहे," आई म्हणाली. "डबा उघड."

गंभीर बाईने डब्यात बोट बुडवून पीठ चाखलं. मग पुन्हा थोडं चाखलं. तिच्या चेहऱ्यावर पहिल्यांदाच काहीतरी हललं आणि तिने बाजूला होऊन फवारा पूर्ण सोडला. मी आईचं डोकं पिठाने चोळत होते, वाटाड्या पाठ करून उभा होता आणि चालकाला ओरडून थांबायला सांगत होता. आमच्यातलं एक उंच, गोरं जोडपं खाली न उतरता आदराने हे बघत उभं होतं. शेवटी त्यातल्या बाईने हळूच विचारलं, आम्ही पण लावलं तर चालेल का?

"लाव म्हणावं," आई डोळे मिटून म्हणाली. "डोळ्यात जाऊ देऊ नको म्हणावं. आणि सगळं संपवू नको म्हणावं, रात्री खायचं आहे."

मी आयुष्यभर मोठ्या शब्दांची थट्टा केली आहे. त्या दिवशी मोठ्या शब्दांनीच माझ्या आईला दारातून आत सोडलं. त्या माणसाला हे सगळं खोटं आहे हे माहीत होतं की त्याचा खरंच त्यावर विश्वास होता, हे मला अजून कळलेलं नाही, आणि मी त्याचे आभार मानले तेही अपुरेच वाटले. तेव्हापासून मी थट्टा करते ती जरा जपून.

गंभीर बाईने आईचे केस परत तपासले आणि तिला केशरी जाकीट दिलं. जाकीट सगळ्यांनाच सक्तीचं. आईचा चेहरा पडला. "वर्षभर शिकले ते कशाला मग?" पण पट्टे आवळल्यावर तिने खाली वाकून स्वतःकडे पाहिलं आणि हसत सुटली. "भोपळाच बांधला की गं मला!"

ओल्या लाकडी पायऱ्यांनी आम्ही खाली गेलो. वर गोल आभाळ, कपारीतून आत-बाहेर करणाऱ्या पाकोळ्या, पाणी इतकं निळं की आत दिवा असावा. तळ दिसत नव्हता. शिडीने सावकाश उतर, मी म्हणाले. आईने चष्मा काढून माझ्या हातात दिला, फळीच्या टोकाला गेली, नाक दाबलं, आणि गुडघे पोटाशी घेऊन सरळ मुटका मारला.

ती वर आली तेव्हा तिच्या कानामागे अजून पीठ होतं. ती पाठीवर वळली आणि हात पसरून पडून राहिली. सकाळपासून प्रत्येक गोष्टीवर बोललेली माझी आई तिथे एक शब्द बोलली नाही. वाटाड्याही खाली आला होता. तोही काही बोलला नाही, ह्याची मी नोंद घेतली. दार बंद व्हायची वेळ होऊन गेली. गंभीर बाई वर कठड्याला टेकून उभी राहिली आणि तिने शिट्टी वाजवली नाही.

बसमध्ये, विमानात, घरी, आई त्याबद्दल बोलली नाही. मीही विचारलं नाही. काही गोष्टी विचारायच्या नसतात, असं मी स्वतःला समजावलं.

परतल्यावर पहिल्या शनिवारी मी तिच्याबरोबर तोआ पायोहला गेले. पोहून झाल्यावर आम्ही तिघी हॉकर सेंटरमध्ये कॉफी घेत बसलो. चिनी बाईंना सगळा इतिहास ठाऊक होता. आई विहिरीत उतरणार की नाही ह्याची त्यांना माझ्याइतकीच काळजी होती, आणि खरं तर ती विहीर निम्मी त्यांची होती. त्यांनी कप बाजूला सारला आणि पुढे झुकल्या.

"सो, सिस्टर? द वेल. हाऊ?"

आईने कॉफी खाली ठेवली. समोर बघत बराच वेळ विचार केला. मीही पुढे झुकले.

"फिश," आई म्हणाली आणि पाय टेबलाबाहेर काढून अंगठा दाखवला. "बाइट."

"बिग फिश, आह?"

"नो. स्मॉल."