रंगवलेला तीळ

मिठाच्या चळवळीच्या दिवसांत मी मुंबईहून कॅमेरा घेऊन रत्नागिरीला, माझ्या गावी आलो. मूकपटांच्या एका कंपनीत मी पडदे रंगवायचो, वेळ पडली तर हँडल फिरवून चित्रणही करायचो. भाट्याच्या किनाऱ्यावर लाठ्या चालल्या, ते मी टिपलं. त्या संध्याकाळी आमच्या वाडीतला एक खलाशी घरी आला नाही. पळताना खाडीत गेला, असं सगळे म्हणाले.

त्याची आई माझ्याकडे आली. घरात त्याचा एकही फोटो नव्हता. तुझ्या फितीत असेल तर तेवढा काढून दे, म्हणाली. फितीत तो नव्हता. मी तर त्याला लहानपणानंतर धड पाहिलंही नव्हतं. पण गर्दीत मागे वळणारा एक माणूस धूसर आला होता. हाच तो, असं मी सांगून टाकलं. तिचं रडणं बघवेना हे खरं, पण आपला हात कुठवर चालतो हे बघायची हौसही होती.

फितीतली ती चौकट कागदावर मोठी केली आणि आई सांगेल तसा चेहरा वर रंगवला. नाक ती रोज वेगळं सांगायची. शेवटी माझ्या मनातलंच नाक राहिलं. गालावर कागदाला डाग होता, त्याचा मी तीळ केला.

तीळ बघून ती म्हणाली, "विसरलेच होते मी. इथेच होता."

 मी तो तीळ आणखी गडद केला.

तसबीर माजघरात लागली. आई तसबिरीशी बोलायची, सकाळची पेज आधी तिच्यापुढे ठेवायची. गावात माझं नाव झालं. बुडालेल्याचा चेहरा मी पाण्यातून वर काढला, म्हणायचे.

पावसाळा सरल्यावर तो परतला. घरच्यांना त्रास नको म्हणून पकडलं तेव्हा त्याने खोटं नाव सांगितलं होतं, त्याच नावाने तुरुंगात होता. आई दारात आली. तिने आत तसबिरीकडे पाहिलं, मग त्याच्याकडे.

"कुठचा रे तू?"

"आये, मी."

"माझा मुलगा आत आहे."

हा तोच म्हणून शेजाऱ्यांनी शपथा घेतल्या. तिने त्याला पाहुण्यासारखं पडवीत जेवू घातलं.

तो माझ्याकडे आला, आईला खरं सांग म्हणाला. तिला सोसणार नाही, असं मी म्हणालो. मला माझं नाव जायला नको होतं.

तो म्हणाला, "मग तसबिरीत भांग कुठून पाडलायस माझा, तेवढं तरी सांग."

मी कंगवा घेऊन त्याचे कुरळे केस पाण्याने चापून बसवले. मिशी त्याने राखली. तीळ गोंदवून घेतला. गालाची सूज उतरल्यावर तो पुन्हा दारात उभा राहिला. आईने त्याचं तोंड दोन्ही हातांत धरलं, तिळावर अंगठा फिरवला आणि इतके दिवस कुठे होतास म्हणून विचारलं.

पुढे तो त्याच चेहऱ्याने जगला. वाडीतले जुने सोबती मात्र तिन्हीसांजेला तो समोरून आला की वाट बदलायचे.

आता ती दोघं नाहीत. त्याच्या घरी अजून तीच तसबीर आहे, हार घातलेली; ती त्याची नाही. त्याचा चेहरा मी कंगवा फिरवताना जवळून पाहिला होता. रंग शेजारीच होते. तेव्हा तो काढायला हवा होता.