तडीवरचा बा

आमच्या घरात दोन भाषा नांदायच्या, सवतींसारख्या. बापाची मराठी आणि आईची कन्नड. आई हल्याळकडची, म्हणून तिला मी अव्वा म्हणायची, आणि बापाला बा. यावरून अव्वा मला फार चिडवायची. तिच्या भाषेत 'बा' म्हणजे 'ये', तेही शेंबड्या पोराला म्हणतात तसं. मोठ्या माणसाला 'बर्री' म्हणावं लागतं. "बापाला बा म्हंती, काय रीतभात न्हाई पोरीला," असं ती म्हणाली की बा चहाची बशी धरून हसायचा.

मी पाच वर्षांची असताना भाताची झोडणी उरकून बा गोव्याला कामाला गेला आणि परत आलाच नाही. काका दोनदा शोधून आला, पत्ता लागला नाही. मी चुलीपाशी जाऊन विचारायची, "अव्वा, बा कुठं हाय?" ती भाकरी थापता थापता, माझ्याकडे न बघता म्हणायची, "तडी."

कन्नडात तडी म्हणजे 'थांब'. मी ते मराठीत ऐकलं. तडी म्हणजे काठ. बा काळी नदीच्या पैलतडीला गेलाय, एवढंच ना, मग काळजी कसली!

झोपेत मी तिथं जायला लागले. तडीवर वेळ पुढं सरकत नसे. ऊन कायम न्याहारीच्या वेळेचं. कोंबडीनं उचललेला पाय खाली टेकत नसे. फणसाच्या पानावरून सुटलेला थेंब मध्येच थांबलेला. आणि बा एका पायात चप्पल घालून दुसरी पायानंच चाचपत उभा, हातात बशी, फुंकर घातल्यावर चहावर उठलेली सुरकुती तशीच. निघायच्या बेतात होता तो. पण मी हाक मारायची नाही. हाकेनं वेळ सुरू झाला आणि तो घराकडे यायचं सोडून भलतीकडेच चालायला लागला तर?

सकाळी हे सगळं मी अव्वाला सांगायची. ती एवढंच विचारायची, "च्या निवला न्हाई न्हवं?"

पुढं कन्नड शाळेत गेले. पोरं दारात घुसली तशा बाई "तडी, तडी" म्हणून ओरडल्या. मी उठून विचारलं, "बाई, तिथं आमचा बा दिसला काय?" अख्खा वर्ग हसला. घरी येऊन मी अव्वाला खोटारडी म्हणाले, दोन दिवस तोंड फुगवून बसले. पण तडी काही गेली नाही. अजूनही येते. माझे केस पिकले आणि तिथला बा आता माझ्या धाकट्या भावासारखा दिसतो. पन्नाशीकडे झुकलेल्या बाईला असं म्हणणं शोभत नाही, पण मला बा हवाय.

गेल्या वर्षी अव्वानं जंगलातलं घर सोडून रामनगरला माझ्याकडे यायचं ठरलं. घर बाच्या नावावर, त्याचे कागद करायला जोयड्याच्या कचेरीत जावं लागणार होतं. आठवडाभर मी तिला पढवत होते, "वारले म्हनून सांग, न्हाईतर समदं अडून बसंल." तिनं कपाळाचं कुंकू अजून पुसलं नव्हतं.

कारकुनानं कन्नडात विचारलं, नवरा कुठे आहे? अव्वा म्हणाली, "तडी."

तो बिचारा पेन उचलून थांबला. मी मात्र चमकले. सरकारी माणसाला अव्वा 'तडीरी' म्हणाली असती. अनोळखी माणसाला असं एकेरीत बोलणारी ती नव्हे. ती त्याला थांबायला सांगतच नव्हती. त्यानं जे विचारलं होतं त्याचं खरं उत्तर देत होती. बा कुठं आहे हे इतकी वर्षं आम्हा दोघींना ठाऊक होतं आणि मी तिला वारले म्हणायला शिकवत होते. मला माझीच लाज वाटली.

पेन अजून तसंच अधांतरी होतं. मग अव्वा सावकाश म्हणाली, "बरीरी. इल्ला." लिहा. नाहीत.

निघायच्या दिवशी टेम्पोत सामान चढलं. कुलूप लावून अव्वा पायरीवरच बसली. "आपुन हितनं गेल्यावर त्यास्नी घर कसं गवसंल गं?"

मी अंगणाच्या कडेला गेले, जिथून झाडांतून नदी दिसते तिथे. जन्मात पहिल्यांदा तडीकडे तोंड करून हाक मारली, "बा!"

मागून अव्वा खेकसली, "बर्री म्हन गं. मोठ्या मानसाला बा म्हंत्यात व्हय?"

मला हसू आलं आणि रडूही. तेव्हा ती उठली, पदर सारखा केला, माझ्या शेजारी येऊन उभी राहिली आणि जेवण वाढल्यावर बोलवावं तशी मोठ्यानं म्हणाली, "बर्री!"